६४ हजारांवर थांबलेली तसबीह

आपा, अस्सलामु अलैकुम.

मी सदर बाजारात राहते, वय ४४. मिस्टर शिरोली एमआयडीसीत फाउंड्रीत कामाला आहेत, मी घरी ब्लाउज शिवते. थोरला मुलगा दोन वर्षं पोलीस भरतीसाठी घासत होता. मैदानी झाली, लेखी झाली. निकालाची वाट बघताना मी ४० दिवसांत सव्वा लाख दरूद, म्हणजे पैगंबरांसाठीची दुआ, वाचायचं ठरवलं. एका नातेवाइकांचा मोबाइलवर मेसेज आला होता, की सव्वा लाख पुरे झाले की अडलेलं कुठलंही काम होतं, आणि जुम्म्याला (शुक्रवारी) असरच्या, म्हणजे दुपारनंतरच्या, नमाजानंतर ८० वेळा वाचलं की ८० वर्षांचे गुनाह माफ. खाली लिहिलं होतं, २० जणांना पाठवा, नाहीतर नुकसान होईल. मी भीतीनं पाठवला.

दुधाच्या हिशेबाच्या वहीत मागच्या पानावर रोजचा आकडा लिहीत होते. मध्ये सहा दिवस पाळी आली. नणंद म्हणाली, नापाक असताना नाव घेऊ नकोस, म्हणून थांबले. मग भरून काढायला रात्री जागले. एका रात्री हजार जास्तीचे लिहिले की काय अशी शंका आली, ती गेलीच नाही. ६४ हजार झाले तेव्हा यादी लागली. मुलाचं नाव तीन मार्कांनी गेलं. त्या रात्री तो म्हणाला, “अम्मी, एवढं वाचून काय झालं?” मला उत्तर सुचलं नाही. तेव्हापासून तसबीह, माझी जपमाळ, खुंटीला आहे. मी मराठी शाळेत शिकले, दरूद देवनागरीतल्या पुस्तकातून वाचते. नणंद म्हणते, तुझा उच्चारच चुकतो, म्हणून लागू पडलं नाही. शेजारच्या काकू विचारतात, हल्ली तुझं पुटपुटणं ऐकू येत नाही ते?

आपा, मोजणीत चूक झाली म्हणून असं झालं का? उरलेले ६१ हजार आता वाचू की नको?

एक आई, कोल्हापूर

*

वअलैकुम अस्सलाम, बहीण.

आधी ते सहा दिवस घेते, कारण त्यांचं ओझं तुम्ही विनाकारण वाहताय. पाळीच्या दिवसांत नमाज नाही, रोजा नाही. पण जिक्र (अल्लाहचं स्मरण), दुआ आणि दरूद यांना अजिबात आडकाठी नाही, आणि यावर आलिमांमध्ये (धर्माच्या जाणकारांमध्ये) वाद नाही. पैगंबरांच्या पत्नी हजरत आयशा (रजि., म्हणजे अल्लाह त्यांच्यावर राजी असो) हजच्या सफरीत असताना त्यांना पाळी आली आणि त्या रडायला लागल्या. पैगंबरांनी (स.) त्यांना समजावलं, की हाजी जे जे करतो ते सगळं कर, फक्त काबाचा तवाफ (प्रदक्षिणा) तेवढा थांबव. हजमध्ये हाजी काय करतो? तल्बिया (हजचा घोष) म्हणतो, दुआ मागतो, अल्लाहचं नाव घेतो. ते सगळं चालू राहिलं. दरूद म्हणायला वुजूचीसुद्धा (नमाजाआधी हात-तोंड-पाय धुण्याचीसुद्धा) अट नाही, केला तर उत्तमच. तुमच्या नणंदेला वाईट म्हणू नका, ती तिच्या सासूकडून ऐकलेलं सांगते आहे. पण पुढच्या महिन्यात थांबू नका. दर महिन्याला पाच-सहा दिवस जीभ बांधून बसायला आपल्याला कुणीही सांगितलेलं नाही.

जाता जाता एक सांगते. सदरात जागा पुरत नाही म्हणून मी (स.) असं लिहिते. ते वाचताना तुम्ही पूर्ण म्हणा, सल्लल्लाहु अलैहि व सल्लम. हासुद्धा दरूदच आहे.

आता मोजणीचं. तुम्ही ‘काम झालं तर इतके वाचेन’ असं जिभेनं कबूल केलं असतं, तर ती मन्नत (नवस) झाली असती, आणि मग एखाद्या मुफ्तीसाहेबांना विचारा असं मी म्हटलं असतं. पण पत्रावरून दिसतं ते वेगळं आहे. काम व्हावं म्हणून तुम्ही वाचायला घेतलं. तो तुमचा इरादा होता, कर्ज नव्हतं. त्यामुळे ६१ हजारांची बाकी तुमच्या डोक्यावर नाही. त्या हजाराची शंकाही सोडून द्या. नमाजमध्ये तीन रकात (आवर्तनं) झाल्या की चार अशी शंका आली, तर खात्रीचा कमी आकडा धरून पुढे जायला शिकवलं आहे. तिथे जी सवलत आहे, ती तुमच्या दुधाच्या वहीला मिळणार नाही का? ६३ हजार धरा. आणि ६३ हजार म्हणजे काय, याचा जरा विचार करा. सही मुस्लिम या संग्रहातली हदीस, म्हणजे पैगंबरांचं वचन, आहे: जो माझ्यावर एकदा दरूद पाठवेल, त्याच्यावर अल्लाह दहा वेळा रहमत पाठवेल. यात कुठेही ‘सव्वा लाख पुरे झाल्यावर’ असं नाही. पहिल्याच दरूदला दहा मिळतात. अर्धवट राहिलं म्हणून आधीचं बुडालं, हा हिशेब भिशीतसुद्धा कुणी लावत नाही.

सव्वा लाखाचा आकडा आला कुठून? हदीसमधून आलेला नाही. बुजुर्गांनी आपापल्या मुरीदांना (शिष्यांना) आकडे बांधून दिले, कारण बांधलेलं काम माणूस करतो, आणि ती सवय चालत आली. त्यात आपल्या मुलखाची ‘सव्वा’ची आवडही असणार. सव्वा रुपया, सव्वा किलो पेढे, बाळंतिणीचा सव्वा महिना. आकडा ठरवून वाचण्यात गैर काही नाही, मीही ठरवते. पण मी पेन घेऊन बसले आणि तुमचा हिशेब मांडून पाहिला. ४० दिवसांत सव्वा लाख म्हणजे रोजचे ३,१२५. एकेका दरूदला तीन सेकंद धरले, तरी रोजचे अडीच तासांहून जास्त. शिवणकाम, स्वयंपाक, पाच नमाजा, आणि वर हे. त्यात सहा दिवस गेलेले. तुम्ही रात्री जागून कसे भरले असतील ते मी बघितल्यासारखं सांगू शकते. ओठ हलत होते, डोळे मिटत होते, लक्ष सगळं आकड्याकडे. पैगंबरांचं नाव शेवटी शेवटी शब्द राहिलं नसेल, मणी झालं असेल.

याचा दोष मी तुम्हाला देत नाही. दोष त्या मेसेजचा आहे, आणि त्याबद्दल मी स्पष्ट बोलणार आहे. जुम्म्याच्या दिवशी माझ्यावर जास्त दरूद पाठवा, ही हदीस अबू दाऊद या संग्रहात आहे आणि ती मानण्यासारखी आहे. पण ८० वेळा आणि ८० वर्षं ही जी रिवायत फिरते, तिच्या सनदीवर (सांगणाऱ्यांच्या साखळीवर) हदीसच्या जाणकारांनी बोट ठेवलं आहे. आणि ‘२० जणांना पाठवा नाहीतर नुकसान’ हे तर सरळ खोटं आहे. ज्यांच्या नावानं ते पाठवलं जातं, त्यांनीच बजावून ठेवलं आहे, की जो जाणूनबुजून माझ्या नावावर खोटं घालेल त्यानं आपलं ठिकाण आगीत समजावं. तुम्ही जाणूनबुजून केलं नाही, घाबरून केलं. पुढच्या वेळी असा मेसेज आला तर पुसून टाका, आणि त्या नातेवाइकांना प्रेमानं सांगा की दरूदला धमकी जोडू नका. रहमत मागायच्या वाक्याखाली नुकसानीची भीती लिहिणं, याचा मला मनापासून त्रास होतो.

मग दरूदचा फायदा काय? तुमच्या मुलानं जे विचारलं तेच मी आता माझ्या शब्दांत विचारते, कारण तो प्रश्न खरा आहे.

दरूद हा फारसी शब्द. अरबीत त्याला सलात म्हणतात. सूरह अहजाबची ५६ वी आयत सांगते, की अल्लाह आणि त्याचे फरिश्ते पैगंबरांवर सलात पाठवतात. ईमानवाल्यांनो, तुम्हीही त्यांच्यावर सलात आणि सलाम पाठवा. अल्लाहची सलात म्हणजे काय, याचं पहिल्या पिढ्यांतल्या अबुल आलिया यांनी दिलेलं स्पष्टीकरण बुखारी या हदीस-संग्रहात आहे: फरिश्त्यांच्या समोर आपल्या बंद्याचं कौतुक करणं. फरिश्त्यांची सलात म्हणजे दुआ. आता आयतीचा क्रम बघा. हुकूम नंतर आला आहे. आधी सांगितलं आहे की हे चालूच आहे. पंगत बसलेली आहे, वाढणं सुरू आहे, आणि तुम्हाला सरकून जागा करून देतायत. आपण दरूद म्हटला नाही म्हणून पैगंबरांच्या मोठेपणात काही कमी पडत नाही. आपल्याला तिथे बसायला मिळतं, हाच पहिला फायदा, आणि मला तो बाकी सगळ्यांपेक्षा मोठा वाटतो.

दुसरी गोष्ट पैगंबरांचे सोबती हजरत उबय बिन काब (रजि.) यांची, तिरमिजी या हदीस-संग्रहात आलेली. त्यांनी पैगंबरांना (स.) विचारलं, “मी माझ्या दुआचा किती हिस्सा तुमच्यासाठी ठेवू?” उत्तर मिळालं, “तुला हवा तेवढा.” “चौथा हिस्सा?” “तुला हवा तेवढा. वाढवलास तर तुझ्यासाठी चांगलं.” “अर्धा?” पुन्हा तेच. “दोन तृतीयांश?” पुन्हा तेच. शेवटी ते म्हणाले, “मग सगळीच दुआ तुमच्यासाठी.” तेव्हा पैगंबर (स.) म्हणाले, “मग तुझ्या चिंतेला ते पुरेल, आणि तुझे गुनाह माफ होतील.”

बहीण, मी ही हदीस कितीतरी वर्षं ऐकत होते आणि तिच्यातल्या दोन गोष्टी माझ्या ध्यानात फार उशिरा आल्या. एक, माणूस आकडा मागतो आहे आणि त्याला आकडा दिला जात नाही. प्रत्येक वेळी त्याच्या हौसेवर सोडलं जातं. दुसरी, वचन कशाचं दिलं आहे ते नीट ऐका. अरबीत शब्द आहे ‘हम्म’, म्हणजे मनाला लागलेली काळजी. ‘तुझं काम होईल’ असं तिथे म्हटलेलं नाही, ‘तुझी काळजी भागवली जाईल’ असं म्हटलं आहे. कधी काम होऊन काळजी जाते. कधी काम होत नाही, तरी जाते. तुमच्या मेसेजवाल्यानं ‘काळजी’ काढून तिथे ‘काम’ घातलं, आणि तुमच्यासारख्या किती आयांना निकालाच्या यादीसमोर एकटं उभं केलं.

हे मी पुस्तकातलं सांगत नाही. २०२१ च्या मे महिन्यात माझे मिस्टर दवाखान्यात होते. आत सोडत नव्हते. मी बाहेर फाटकाजवळच्या कट्ट्यावर बसून दरूद वाचत होते, नऊ दिवस. दहाव्या दिवशी सकाळी फोन आला. त्यानंतर बरेच महिने माझ्या तोंडून दरूद आला नाही. नमाजमध्ये यायचा तेवढाच, तोही जीभ वळवून. मला राग नव्हता. लाज होती. वाटायचं, आपणच कुठे तरी कमी पडलो, आपलंच तोंड त्या लायकीचं नव्हतं. म्हणून तुमच्या पत्रातला खुंटीवरच्या तसबीहचा उल्लेख वाचून मी पत्र खाली ठेवलं आणि थोडा वेळ तशीच बसले.

मला बाहेर काढलं ते सही मुस्लिममधल्या एका हदीसनं. पैगंबरांनी (स.) एकदा मदिन्यात बनू मुआवियाच्या मशिदीत दोन रकात पढून लांबलचक दुआ केली आणि मग सोबत्यांना म्हणाले: मी माझ्या रबकडे तीन गोष्टी मागितल्या, दोन मला दिल्या, एक दिली नाही. माझी उम्मत (माझे अनुयायी) दुष्काळानं नष्ट होऊ नये, ही दिली. बुडून नष्ट होऊ नये, ही दिली. त्यांच्यात आपापसात लढाई होऊ नये, ही दिली नाही. ज्यांच्यावर दरूद पाठवायचा, त्यांनाच ‘नाही’ ऐकायला मिळालं, आणि ते त्यांनी लपवलं नाही, सोबत्यांना बसवून सांगितलं. मग माझ्या ‘नाही’ची मी लाज का धरू? त्यांच्या घरी झालेले मृत्यू आठवा. मुलगे सगळे लहानपणीच गेले. चार मुलींपैकी तीन त्यांच्या डोळ्यांदेखत गेल्या. तान्हा इब्राहीम गेला तेव्हा ते रडले आणि म्हणाले, डोळा पाणी गाळतो, मन दुःखी आहे, पण आम्ही तेच बोलतो जे आमच्या रबला आवडेल. हे आठवून मी त्या रात्री ‘अल्लाहुम्म सल्लि अला मुहम्मद’ म्हटलं, तेव्हा पहिल्यांदा मला वाटलं की मी एका दुःखी बापासाठी दुआ करते आहे. माझ्यासाठी काहीच मागत नव्हते. त्या दोन मिनिटांत माझं दुःख माझ्या मध्यभागी नव्हतं. दरूदचा फायदा मला समजला तो असा, बाकीचा आखिरतमध्ये (मरणानंतरच्या आयुष्यात) कळेल.

तिरमिजीत अजून एक आहे, कियामतच्या (शेवटच्या न्यायाच्या) दिवशी माझ्या सगळ्यांत जवळ तो, ज्यानं माझ्यावर सगळ्यांत जास्त दरूद पाठवला. ही नोकरीसारखी हातात येणारी गोष्ट नाही, पण मन कुठे लावायचं ते तिच्यातून कळतं.

मोजण्यावरून माझी अम्मी आठवते. ती हुपरीच्या व्यापाऱ्याचं काम घरी आणायची, चांदीच्या पैंजणांना घुंगरू जोडायचं. चांदी वजनावर यायची आणि वजनावर परत जायची. काटा जरा हलला तर मजुरीतून पैसे कापले जायचे. ती एकेक घुंगरू जोडताना दरूद म्हणायची. मी तेव्हा सात-आठ वर्षांची. एकदा विचारलं, अम्मी, आज किती झाले? ती काम न थांबवता म्हणाली, “चांदी सेटकू गिनके देना, ये किसकू गिनके देना?” मला ते तेव्हा नीट कळलं नव्हतं.

तरीही तुम्हाला मोजायला आवडत असेल तर मोजा. बोटांच्या पेरांवर मोजा. पैगंबरांनी (स.) बायकांना बोटांवर मोजायला सांगितलं होतं, कारण कियामतला या बोटांनाही विचारलं जाईल आणि ती बोलतील. शिवणाऱ्या बाईच्या बोटांवर आधीच सुईच्या खुणा असतात, त्यात हीही नोंद होईल. पण रोजचा आकडा शंभरच्या पुढे नेऊ नका, निदान काही महिने. शंभर दरूद, सावकाश, नाव घेताना ते कोणाचं नाव आहे हे ध्यानात ठेवून, पाच-सात मिनिटांत होतात. मशीनवर बसण्याआधी करा, किंवा दुपारी काजबटणं करताना करा.

आणि तुम्हाला माहीत नसेल म्हणून सांगते, दरूद तुमचा बंद पडलेलाच नाही. तुम्ही नमाज पढताय ना? शेवटच्या बैठकीत अत्तहियातनंतर दरूद-ए-इब्राहीम येतो. आपल्या हनफी पंथाच्या हिशेबानं फर्ज, ताकीदच्या सुन्नती आणि वित्र या नमाजा धरल्या तर दिवसाला ११ वेळा. (कोकणातले आपले शाफई पंथाचे भाऊबंद तर त्याला नमाजचा रुक्न मानतात, त्याशिवाय त्यांची नमाजच होत नाही.) हा दरूद आला कसा, तेही ऐका. आयत उतरली तेव्हा सोबत्यांनी विचारलं, सलाम कसा म्हणायचा ते आम्ही शिकलो, सलात कशी म्हणायची? हजरत काब बिन उजरा (रजि.) सांगतात, तेव्हा पैगंबरांनी (स.) हा दरूद शिकवला. म्हणजे बाजारात मिळणाऱ्या पुस्तकांतले मोठमोठ्या नावांचे आणि हजार फायद्यांचे दरूद तुम्हाला येत नाहीत म्हणून मन छोटं करू नका. खुद्द त्यांनी शिकवलेला तुम्हाला येतो.

उच्चाराबद्दल नणंद थोडी बरोबर आहे आणि बरीच चूक. देवनागरीत अरबीचे सगळे आवाज मावत नाहीत, हे खरं. दोन वेगळे ‘ह’ आपल्याकडे एकच होतात, ‘स’चंही तसंच. पण आपल्या मराठीवाल्यांची एक चूक आहे ती मी हमखास ऐकते, आणि ती दुरुस्त करायला मदरशात जायची गरज नाही. मराठी शुद्धलेखनात शब्दाच्या शेवटची वेलांटी दुसरी, म्हणजे दीर्घ. त्या सवयीनं छापणारे ‘सल्ली’ छापतात आणि आपण ‘सल्लीऽ’ वाचतो. अरबीत ते लांबवलं की बाईला उद्देशून बोलल्यासारखं होतं. म्हणायचं आहे ‘सल्लि’, पहिली वेलांटी, पटकन सोडायची. तुमच्या पुस्तकात पेननं दुरुस्त करून ठेवा:

अल्लाहुम्म सल्लि अला मुहम्मदिंव व अला आलि मुहम्मद, कमा सल्लैत अला इब्राहीम व अला आलि इब्राहीम, इन्नक हमीदुम मजीद. अल्लाहुम्म बारिक अला मुहम्मदिंव व अला आलि मुहम्मद, कमा बारक्त अला इब्राहीम व अला आलि इब्राहीम, इन्नक हमीदुम मजीद.

मोहल्ल्यात एखादी हाफिजा (कुराण पाठ असलेली बाई) असेल तर तिच्यासमोर दोन-तीनदा म्हणून दाखवा, एका दुपारचं काम आहे. आणि आजवर चुकीचं म्हटलं ते वाया गेलं का? कुराण अडखळत, कष्टानं वाचणाऱ्याला दुप्पट सवाब (पुण्य) सांगितला आहे. ती हदीस कुराणाबद्दल आहे, पण देणारा तोच आहे. मराठी शाळेत शिकल्याची लाज तर मुळीच बाळगू नका. दसरा चौकातून जाताना मुस्लिम बोर्डिंगकडे बघा. शाहू महाराजांनी १९०६ मध्ये मुसलमानांच्या मुलांनी शिकावं म्हणून ती संस्था उभी करवली, स्वतः तिचे अध्यक्ष झाले, आणि कुराण मराठीत यावं हेही मनावर घेतलं. या गावात दीन (धर्म) मराठीतून समजून घेणं कुणासाठीच कमीपणाचं नाही.

आता तुमचा मुलगा. मी त्याच्या वाक्यावर बराच विचार केला. तुम्हाला ते टोमण्यासारखं लागलं. मला वाटतं, तो स्वतःलाच बोलत होता. आपली आई रात्र रात्र जागते आहे, वहीत आकडे लिहिते आहे, हे त्या पोरानं बघितलं. मग तीन मार्कांनी नाव गेलं. त्याला वाटलं असणार, अम्मीचं एवढं वाचणं मी वाया घालवलं. त्याला दरूदचे फायदे समजावायला जाऊ नका, निदान आत्ता नको. एवढंच सांगा, की मी वाचलं ते वाया गेलेलं नाही आणि त्याचा निकाल यादीत लागत नाही; तुझा निकाल तुझ्या पळण्याचा आणि पेपरचा आहे, आणि तू फक्त तीन मार्क मागे आहेस. मग त्याच्याबरोबर बसून ते तीन मार्क शोधा. मैदानी ५० ची, लेखी १०० ची. १६०० मीटरमध्ये गेले, गोळाफेकीत गेले, की गणितात? एका माणसानं पैगंबरांना (स.) विचारलं होतं, उंट बांधून तवक्कुल (अल्लाहवर भरोसा) करू की मोकळा सोडून? ते म्हणाले, बांध आणि तवक्कुल कर. बावड्याच्या रस्त्यावर पहाटे पळायला जाताना त्याला सोडायला दारापर्यंत जा, चहा द्या. त्याला हवं असेल ते हे, असं मला वाटतं.

राहिल्या काकू. त्यांनी विचारलं, याचा मला आनंद झाला. भिंतीपलीकडे कान देऊन तुमची चौकशी करणारं कुणीतरी आहे. त्यांना सांगा, थोडे दिवस थांबले होते, आता पुन्हा सुरू करते आहे. काय म्हणतेस असं विचारलं तर मराठीतच सांगा: हे अल्लाह, मुहम्मदांवर आणि त्यांच्या घरच्यांवर कृपा कर, जशी इब्राहीमांवर आणि त्यांच्या घरच्यांवर केलीस. मुहम्मदांना आणि त्यांच्या घरच्यांना बरकत दे, जशी इब्राहीमांना आणि त्यांच्या घरच्यांना दिलीस. स्तुती तुझीच, थोरवी तुझीच.

काकू कदाचित विचारतील, यात पोराच्या नोकरीचं कुठे आहे? यात नाही. ते वेगळं मागायचं. पैगंबरांनी (स.) एका माणसाला थेट मागणं सुरू करताना ऐकलं आणि म्हणाले, यानं घाई केली, आधी अल्लाहची स्तुती करावी, मग माझ्यावर दरूद पाठवावा, मग हवं ते मागावं. तसं करा. इशाच्या (रात्रीच्या) नमाजानंतर मुसल्ल्यावरच (नमाजच्या चटईवरच) बसा, अल्लाहची तारीफ करा, एक दरूद म्हणा, मग मुलाचं नाव घेऊन, भरतीचं नाव घेऊन, आपल्या घरच्या बोलीत, जे पोटात आहे ते सगळं सांगा, आणि शेवटी पुन्हा एक दरूद म्हणून उठा.